अर्जदाराशी नाते

पट्टेवाल्याने दाराबाहेर येऊन पुकारा केला तो नेहमीसारखाच, दोन्ही नावांचा. आधी तिचं नाव, मग 'विरुद्ध', मग त्याचं. आडनाव एकच, त्यामुळे ते दोनदा. गेली सहा वर्षं हा पुकारा ऐकला की तो बाकावरून उठायचा, एका माणसाची जागा सोडून बसलेली तीही उठायची, आणि दारातून आत जाताना दोघांपैकी एकाला थांबावं लागायचं, कारण दाराची एक फळी कायमची बंद. बहुतेक वेळा तोच थांबायचा. आजही थांबला. उजव्या अंगाला वाट सोडून भिंतीला टेकून उभा राहिला, आणि पट्टेवाला 'अर्जदार कुठाय, अर्जदार?' म्हणून ओरडला तेव्हा त्याच्या ध्यानात आलं की आपण कोणासाठी वाट सोडली आहे. "अर्जदार वारली," तो म्हणाला. हे वाक्य त्याने आजवर कोणाला सांगितलं नव्हतं. सांगायची वेळच आली नव्हती, ज्याला त्याला त्याच्या आधीच कळलेलं होतं. पट्टेवाल्याने हातातल्या यादीवर नजर टाकली, जरा आवाज उतरवला आणि म्हणाला, "मग तुम्ही तरी या."

आत नव्या न्यायाधीशबाई होत्या. सहा वर्षांतल्या या चौथ्या. त्यांनी फाइल उघडली, वरचा कागद वाचला आणि चष्म्यावरून त्याच्याकडे पाहिलं. "तुम्ही पती?" 'होता' की 'आहात' या भानगडीत त्या पडल्याच नाहीत. तो हो म्हणाला. "अर्जदाराच्या वकिलांनी मृत्यूचा दाखला जोडलाय. तुम्हाला काही म्हणायचंय?" म्हणायचं होतं. निदान म्हणायला सांगितलेलं होतं. तिच्या थोरल्या बहिणीने परवाच फोन करून एक गोष्ट मागितली होती. "भावजी, कोर्टात एवढंच सांगा, की माझी ना नाही, सोडलं मी तिला. कागदावर उमटो न उमटो. तिला हवं होतं ते तुमच्या तोंडून एकदा निघू दे." तो 'बघू' म्हणाला होता. आता बाई बघत होत्या, लघुलेखकाची बोटं यंत्रावर थांबली होती, आणि त्याच्या जिभेचं टोक खालच्या दाढेच्या कडेवरून फिरत होतं, कुठे खरखरीत लागतंय का ते पाहत होतं. "नाही," तो म्हणाला. "काही नाही." बाईंनी दोन ओळी सांगितल्या. बाहेर पुढचा पुकारा झाला. सहा वर्षांचं प्रकरण दोन मिनिटंही न घेता संपलं.

बाहेर त्याचा वकील घाईत होता. "सुटलात, मास्तर," तो म्हणाला. कवळ्या आणि खोटे दात करायच्या कारखान्यात सगळे त्याला मास्तर म्हणत, ते वकिलाने पहिल्याच भेटीत उचललं होतं. संपलं म्हणजे नक्की काय झालं, असं त्याने विचारलं. "संपलं म्हणजे संपलं. जागेबिगेचा दावा असता तर माणूस गेलं तरी दावा जगतो. नव्वद दिवसांत वारसांनी अर्ज करायचा, गेलेल्याच्या जागी त्यांची नावं लागतात आणि गाडी पुढे चालू. घटस्फोटाचं तसं नाही. तो हक्क ज्याचा त्याचा. माणूस गेलं की दावा गेला." मग त्याला काहीतरी सुचलं आणि तो मनापासून हसला. "आणि समजा, वारस लावायचेच असते, तर मूल ना बाळ, वारस कोण? तुम्हीच! तुम्हीच अर्जदार, तुम्हीच सामनेवाले. स्वतःकडेच सोडचिठ्ठी मागत बसला असता." हसून झाल्यावर त्याने चेहरा आवरला, वाईट झालं म्हणाला, आणि जिन्याची पहिली पायरी उतरल्यावर मागे वळून म्हणाला, "पण एका परीने जिंकलातच की. शेवटपर्यंत बायको तुमचीच राहिली."

याचा त्याला राग आला. राग आला तो वाक्य खोटं होतं म्हणून नव्हे, ते त्याच्या मनात पाच आठवडे बसून होतं आणि आज दुसऱ्याच्या तोंडून उघड्यावर आलं म्हणून. पाच आठवड्यांपूर्वी सकाळी, दिवा पेटवून तो मेणात दात बसवत असताना, मेहुणीचा, तिच्या त्या थोरल्या बहिणीचा, फोन आला होता. सहा वर्षांत मेहुणीने त्याला कशानेच हाक मारली नव्हती. कोर्टात समोर आली तर भिंतीकडे बघायची. त्या सकाळी ती म्हणाली, "भावजी, या. गेली ती." पहिल्यांदा त्याला 'भावजी'च ऐकू आलं, 'गेली' नंतर. हातातला मेणाचा जबडा दिव्यावर किती वेळ राहिला कोण जाणे, पुढचे चार दात पाघळून खाली आले. मग इस्पितळात कागद पुढे आला, देह ताब्यात घेण्याचा. बहिणीची सही चालत नव्हती. कायद्याने नवरा असताना बहीण कोण, असं तिथल्या माणसाने तोंडावर विचारलं. कागदावर 'मृत व्यक्तीशी नाते' असा रकाना होता आणि त्यात त्याने 'पती' लिहिलं, नेहमीपेक्षा मोठ्या अक्षरात, पेन दाबून. मेहुणी शेजारी उभी राहून ते पाहत होती. दुःख होतंच, ते कोणी नाकारत नाही. पण त्या दुःखाच्या पोटात कुठेतरी एक सुख होतं, आणि ते त्याला त्या क्षणी नीट कळलं होतं. लाज वाटावी असं सुख, पण लाज वाटली नाही.

तो बाकाकडे परत गेला. घरी किंवा कामावर जायला हवं होतं, कवळ्यांचा कारखाना उघडा टाकून आला होता. पण पाय वळेनात. बाक लाकडी, लांब, मधली फळी जराशी खचलेली. या बाकावर त्याचा खरा संसार झाला, असं म्हटलं तर लोक हसतील. पण हिशेब करून पाहावा. अकरा वर्षं एका घरात राहून ती दोघं जितकं बोलली नसतील, तितकं इथे बोलली. ती कानाच्या दवाखान्यात कामाला होती. काचेपलीकडे माणसाला बसवायची, त्याच्या कानात बारीक आवाज सोडायची आणि ऐकू आला की बोट वर करायला सांगायची. घर सोडण्याआधी ती एकदा म्हणाली होती, "दिवसभर बहिऱ्यांकडून उत्तर मिळतं मला. घरी येऊन मिळत नाही." त्यावरही तो काही बोलला नव्हता. तो वाईट माणूस नव्हता. हात उगारला नाही, आवाज चढवला नाही, पगार हातात ठेवायचा. फक्त काहीही विचारलं तर बघू म्हणायचा. सुट्टीत कुठे जायचं, मूल होत नाही तर डॉक्टरकडे जायचं का, तुला मी आवडते का. बघू. तिला वाटलं याच्या पोटात काहीतरी दडलेलं आहे. नंतर कळलं की नाही, एवढंच आहे, आणि तिने अर्ज केला.

आणि कोर्टाला तर हा माणूस फारच मानवला. कोर्टही बघूच म्हणतं, फक्त त्याला तारीख म्हणतं. पहिल्या तारखेला तो घाबरून आला होता. पण पुकारा व्हायला दोन तास लागले, बाक एकच होता, आणि तिने मध्ये एका माणसाची जागा सोडून बसल्यावर थोड्या वेळाने पर्स उघडून पेपरमिंटची गोळी पुढे केली होती. स्वतःसाठी काढली तर शेजारच्याला विचारायचं, एवढाच तिचा स्वभाव. त्याने घेतली. "काम?" तिने विचारलं. "चाललंय." "अजून त्याच खोलीत? खिडकी दुरुस्त केली का?" आणि मग त्याच्या तोंडून सरळ चार वाक्यं निघाली, खिडकीबद्दल, प्लास्टरच्या धुळीबद्दल, एका म्हाताऱ्याबद्दल ज्याला आपल्या तरुणपणी होती तशीच पुढच्या दातांतली फट कवळीत हवी होती. ती हसली. त्या दिवशी पुढची तारीख मिळाली तेव्हा त्याला बरं वाटलं. दुसऱ्या वेळी त्याने सदरा इस्त्री केला. तिसऱ्या वेळेपासून तो वकिलाला स्वतःच सांगू लागला, जमेल तितकी लांबवा. वकिलाला काय, त्याला तेच येत होतं. मुदतीच्या अर्जासाठी दर वेळी सहीला कशाला हेलपाटा, म्हणून वकिलाने कोऱ्या कागदांवर एकदम डझनभर सह्या घेऊन ठेवल्या. पानाच्या खाली, उजव्या कोपऱ्यात. त्याने त्या शिस्तीत केल्या, सगळ्या एका उंचीवर, कारण हात तसाच बसलेला होता.

सहा वर्षं, एकोणतीस तारखा. कधी तास, कधी दोन तास, एकदा न्यायाधीश रजेवर असल्याचं कोणी सांगितलंच नाही म्हणून अख्खी सकाळ. तिला हे नको असतं तर ती दुसऱ्या बाकावर गेली असती, त्याने स्वतःची समजूत घातलेली होती. दुसरा बाक नव्हता ही गोष्ट तो हिशेबात धरत नसे. शेवटच्या तारखेला ती आली तेव्हा तिने डोक्याला रुमाल बांधला होता आणि गाल आत गेले होते. गाल पाहून त्याच्या मनात लगेच आलं, डावीकडच्या मागच्या दाढा गेल्या हिच्या. त्याच्या धंद्यातला कोणीही तेच म्हणाला असता. मागची दाढ गेली की गालाचा आधार जातो, चेहरा दहा वर्षांनी मोठा दिसतो. लग्नाच्या दुसऱ्या वर्षी तिथल्याच एका दाढेवर त्याने स्वतः टोपी करून दिली होती. तिच्या जबड्याचा प्लास्टरचा साचा अजून कारखान्याच्या फळीवर होता. बाकीच्यांचे साचे वर्ष झालं की फोडून टाकायचा नियम होता. तो तिच्या गालाकडे बघत बसला आणि मनातल्या मनात दातांचा पूल बांधू लागला, इकडच्या दोन दातांवर टेकवायचा, छटा तीच वापरायची, ती जरा पिवळसर. ती त्याच्याकडे वळली. मग म्हणाली, "तुला काही विचारायचंय का मला?" त्याला वाटलं, हिला कळलं आपण दाढेकडे बघतोय. "नाही," तो म्हणाला, "काय विचारणार?" तिने मान हलवली, पर्स उघडली आणि गोळी पुढे केली. ती त्याने तोंडात न घालता खिशात ठेवली. अजून त्याच सदऱ्याच्या खिशात होती. हा तो सदरा.

तेव्हा त्याला कल्पना सुचली, आणि सुचताच तो उठला. या सगळ्या तारखा कुठेतरी लिहिलेल्या असणार. रोजनामा म्हणतात त्याला, प्रत्येक तारखेला काय झालं त्याची एक एक ओळ. त्याची नक्कल मागावी. लोक लग्नाचे फोटो ठेवतात, आपण हे ठेवू. ही कल्पना त्याला इतकी आवडली की जिना उतरताना तो जवळजवळ खुशीत होता. तळमजल्यावरच्या फायलींच्या खोलीत कारकून एकटाच होता, कानावर पेन्सिल, गळ्यात मफलर, सर्दीने बेजार. "आजच निकाली निघालेलं ना? वरून आत्ताच आलंय बघा, अजून बांधलं नाही. पक्षकार आहात, बघा इथेच बसून. पान फाडू नका, शाई लावू नका," असं म्हणून त्याने फाइल सरकवली आणि नाक पुसत बसला.

रोजनामा वरच होता. तो बोट ठेवून वाचू लागला. दोन्ही पक्ष हजर, मुदत मंजूर. दोन्ही पक्ष हजर, न्यायाधीश रजेवर. दोन्ही पक्ष हजर. 'दोन्ही पक्ष हजर' हे तीन शब्द त्याला फार गोड लागले. असा तो आजच्या आधीच्या शेवटच्या ओळीपर्यंत आला आणि तिथे लिहिलं होतं: 'अर्जदाराचा लवकर सुनावणीचा अर्ज, पान एक्केचाळीस. सामनेवाल्याचे म्हणणे, पान त्रेचाळीस. अर्ज नामंजूर.' हा अर्ज त्याला माहीत नव्हता. त्या दिवशी आत वकील बोलत होते तेव्हाही तो मनात तिच्या दाढेचा पूलच बांधत होता. त्याने पानं उलटली. एक्केचाळिसावर टाइप केलेला मजकूर होता, अर्जदारास असाध्य आजार असून, सोबत डॉक्टरांचा दाखला, सबब प्रकरण लवकर चालवावे. त्याखाली जागा उरली होती तिथे तिच्या हाताने, तिच्या त्या जरा उजवीकडे कललेल्या अक्षरात, एक ओळ जास्तीची घातलेली. 'निकाल मी असताना व्हावा, एवढीच विनंती.'

त्याने पान उलटलं. बेचाळीस, दाखला, इस्पितळाचा शिक्का. त्रेचाळीस. 'सामनेवाल्याचे म्हणणे असे की, अर्जदार ही आजाराचे खोटे कारण पुढे करून कोर्टाची सहानुभूती मिळवू पाहत आहे. अर्ज नामंजूर व्हावा.' मजकूर वर सैल होता आणि शेवटी शेवटी ओळी दाटीने आल्या होत्या, कारण खाली सही आधीपासून होती आणि तिच्या वर मावणं भाग होतं. सही त्याची. उजव्या कोपऱ्यात, शिस्तीत, जिथे सगळ्या केल्या होत्या तिथेच. समासात आडवं लिहिलं होतं, 'प्रत मिळाली', आणि तिची सही, तारीख, वेळ. सव्वाअकरा. पुकारा साडेबाराला झाला होता. म्हणजे सव्वाअकरापासून ती बाकावर बसली होती ती हे वाचून. तू खोटं आजारी पडतेस, असं ज्याने लिहून दिलं त्याच्या शेजारी, एका माणसाची जागा सोडून. तुला काही विचारायचंय का मला. नाही, काय विचारणार? आणि मग पर्स उघडली.

"काय हो, बरं वाटत नाही का?" कारकुनाने विचारलं. तो जिना चढत होता. दोन दोन पायऱ्या, मग एक एक, मग कठड्याला धरून. मी लिहिलं नाही ते, असं तो स्वतःशी म्हणत होता, आणि प्रत्येक पायरीवर त्याला स्वतःचंच उत्तर मिळत होतं की सही कोणाची? वाचलं असतं तर हरकत नाही असं लिहिलं असतं का? तिथे मात्र तो अडखळला. वाचलं असतं तर तो वकिलाला म्हणाला असता, बघू. पट्टेवाल्याने त्याला दारात अडवलं, पण बाई जेवणाच्या सुट्टीसाठी उठतच होत्या आणि त्यांनी हातानेच येऊ द्या म्हणून सांगितलं.

"मला हरकत मागे घ्यायचीय," तो म्हणाला. श्वास पुरत नव्हता. "त्रेचाळीस नंबरचा कागद. तो मी... सही माझी आहे, पण ती हरकत मला मागे घ्यायचीय. आणि मला मान्य आहे. घटस्फोट. मान्य आहे मला."

बाई उभ्या होत्या त्या परत बसल्या. "मघाशी विचारलं होतं मी तुम्हाला."

"हो."

"मघाशी बोलला असतात तरी देता आला नसता. घटस्फोट दोन जिवंत माणसांचा होतो. अर्जदार गेल्या, अर्ज गेला. जो अर्ज आता नाही, त्यावरची हरकत मागे कशी घेणार?" त्या काही रागाने बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "फक्त मघाशी बोलला असतात, तर तुम्ही बोललात एवढं मी लिहून घेतलं असतं. आता आदेशावर सही झालीय." त्याने मान हलवली. एवढं कोणी लिहून घेतलं असतं, तर मेहुणीला ते दाखवता आलं असतं. त्या आतल्या दाराने गेल्या. पंखा बंद झाला.

खाली कारकून डबा उघडायच्या बेतात होता. फाइल उघडीच होती, तो सोडून गेला त्या पानावर. "नक्कल हवी म्हणाला होता ना? रोजनाम्याची?" त्याने नुसतं पान त्रेचाळीसकडे बोट दाखवलं. आणि एक्केचाळीस. रोजनामा नको. तो म्हणाला, मेहुणीला न्यायचे आहेत हे दोन कागद, तिला दाखवायचे आहेत, आणि म्हणून झाल्यावर त्याला कळलं की आपण हे खरंच करणार आहोत. मेहुणीने विचारलं की कोर्टात काय सांगितलंत भावजी, तर हे पुढे ठेवायचं. ती पुन्हा भिंतीकडे बघेल. बघू दे. कारकुनाने छापील अर्ज दिला आणि पुढच्या मंगळवारी मिळेल म्हणाला. "याल ना? लोक अर्ज करून जातात आणि फिरकत नाहीत, कागद पडून राहतात आमच्याकडे."

"येईन," तो म्हणाला.

त्याने उभ्या उभ्याच अर्ज भरला. प्रकरण क्रमांक पाठ होता. पानांचे क्रमांक लिहिले. पेन नीट चालत नव्हतं म्हणून खिसा चाचपला तर हाताला गोळी लागली, कागदाला चिकटून गेलेली. ती त्याने तशीच आत ढकलली आणि कारकुनाच्या कानावरची पेन्सिल मागितली. पेन्सिल चालत नाही म्हणून कारकुनाने स्वतःचं पेन दिलं. अर्जात शेवटून दुसरा रकाना होता, 'अर्जदाराशी नाते', म्हणजे मूळ प्रकरणातल्या अर्जदाराशी, तिच्याशी. इस्पितळात होता तसाच, तेवढ्याच रुंदीचा. तो थोडा वेळ त्यावर पेन धरून उभा राहिला. मग लिहिलं, लहान अक्षरात, दाबून नव्हे.

कारकुनाने अर्ज फिरवून घेतला आणि डोळ्यांजवळ नेला. "सामनेवाला? अहो, हे नातं नसतं. पती लिहा, पती. मृत्यूच्या दाखल्यावरही तेच आहे."

"तिथे तेच असू दे," तो म्हणाला. "इथे हे राहू द्या."

कारकुनाने एकदा त्याच्याकडे पाहिलं, डब्याचं झाकण परत लावलं आणि अर्जावर शिक्का मारला.